थांबलेली सावली : छायाचित्रणाच्या जन्माची कथा

दरवर्षी १९ ऑगस्ट हा दिवस 'जागतिक छायाचित्रण दिन' म्हणून साजरा होतो. १८३९ साली याच दिवशी पॅरिसमध्ये विज्ञान अकादमी आणि ललित कला अकादमी यांची संयुक्त सभा भरली होती. सभागृह खच्चून भरले होते आणि आत जागा न मिळालेले लोक बाहेर आवारात ताटकळत उभे होते. त्या सभेत ख्यातनाम शास्त्रज्ञ फ्रांस्वा आरागो याने लुई दागेर याच्या शोधाची संपूर्ण कृती जगासमोर उघड केली. निसर्गातील दृश्य कोणत्याही चित्रकाराचा हात न लागता, केवळ प्रकाशाच्या साहाय्याने, धातूच्या पत्र्यावर उमटवता येते आणि ते तिथे कायम राहते, हे त्या दिवशी सर्वांना कळले.

या घटनेमुळे दागेर हाच छायाचित्रणाचा जनक, असा समज रूढ झाला. परंतु छायाचित्रणाला एकच जनक नाही. भिंतीवर दृश्य पाडण्याची युक्ती दागेरच्या कित्येक शतके आधीपासून ठाऊक होती. प्रकाशाने काळवंडणारी रसायनेही त्याच्या जन्मापूर्वीच माहीत झाली होती. अडचण होती ती वेगळीच. चित्र उमटत होते, पण टिकत नव्हते. ज्या प्रकाशाने ते काढले, तोच प्रकाश काही वेळाने त्याला पुसून टाकी. छायाचित्रणाच्या शोधाचा इतिहास हा मुख्यतः या एका अडचणीवर मात करण्याचा इतिहास आहे. ती मात कोणी केली, आणि केल्यानंतर ती विद्या स्वतःकडे ठेवली की सर्वांना दिली, या प्रश्नांनी या इतिहासाला वादाची आणि काही ठिकाणी करुणेचीही किनार आहे.

अंधाऱ्या खोलीतील चित्र

पूर्ण अंधार केलेल्या खोलीच्या भिंतीला बारीक छिद्र पाडले, की बाहेरचे दृश्य समोरच्या भिंतीवर उलटे उमटते. डोके खाली, पाय वर आणि डावे-उजवेही बदललेले. प्रकाशकिरण सरळ रेषेत जातात याचा हा परिणाम होय. चीनमधील तत्त्वज्ञ मो त्झू याच्या परंपरेतील लेखनात इसवी सनापूर्वीच त्याची नोंद आढळते. अकराव्या शतकात अरब शास्त्रज्ञ इब्न अल्-हैथम याने प्रकाशाचा अभ्यास करताना या प्रकाराची पद्धतशीर मीमांसा केली. पुढे युरोपात या व्यवस्थेला 'कॅमेरा ऑब्स्क्युरा' हे नाव पडले. लॅटिन भाषेत त्याचा अर्थ 'अंधारी खोली' असा होतो आणि आजचा 'कॅमेरा' हा शब्द तिथूनच आला.

सोळाव्या शतकात छिद्राच्या जागी भिंग आले आणि चित्र अधिक उजळ दिसू लागले. पुढे खोलीची पेटी झाली, पेटीत आरसा बसवून चित्र सुलटे करण्यात आले आणि चित्रकार ती काखोटीला मारून फिरू लागले. पेटीतल्या काचेवर कागद ठेवायचा आणि पडलेले चित्र पेन्सिलीने गिरवायचे, अशी ती सोय होती. म्हणजे अठराव्या शतकापर्यंत कॅमेरा तयार होता. नव्हती ती त्यातील चित्र आपोआप धरून ठेवणारी वस्तू.

काळवंडणारी चांदी

ही वस्तू हाती लागली ती योगायोगाने. जर्मनीतील योहान हाइनरिख शुल्त्से हा प्राध्यापक १७१७ च्या सुमारास नायट्रिक आम्ल आणि खडू यांच्या मिश्रणावर प्रयोग करीत होता. त्या आम्लात थोडी चांदी विरघळलेली होती. खिडकीजवळ ठेवलेल्या बाटलीतील मिश्रण उजेडाच्या बाजूने काळसर झाल्याचे त्याला दिसले. हा परिणाम उष्णतेचा असावा, अशी शंका येणे स्वाभाविक होते; म्हणून त्याने मिश्रण विस्तवाजवळ धरून पाहिले. ते काळे पडले नाही. तेव्हा हे काम उष्णतेचे नसून प्रकाशाचे आहे, हे निश्चित झाले. त्याने कागदात अक्षरे कापून तो कागद बाटलीभोवती गुंडाळला. उन्हात ठेवताच बाटलीतील मिश्रणावर ती अक्षरे उमटली. बाटली हलवली, की अक्षरे नाहीशी होत.

यानंतर साठ वर्षांनी, १७७७ मध्ये, स्वीडनमधील रसायनशास्त्रज्ञ कार्ल शेले याने चांदीच्या क्षारांचा बारकाईने अभ्यास केला. सिल्व्हर क्लोराइड हा क्षार प्रकाशात काळा पडतो, याचे कारण त्यातील चांदी सुटी होते, हे त्याने दाखवले. त्याने आणखीही एक निरीक्षण नोंदवले होते. अमोनियाच्या द्रावणात न काळवंडलेला क्षार विरघळून जातो, काळा पडलेला भाग मात्र तसाच राहतो. चित्र कायम करण्याची किल्लीच या एका वाक्यात होती. उजेडाचा स्पर्श न झालेले रसायन धुऊन काढले, की पुढे काळे पडायला काही उरतच नाही. परंतु शेलेला चित्र काढायचे नव्हते. त्याचे लक्ष रसायनाकडे होते. ज्यांना चित्र काढायचे होते, त्यांच्या नजरेतून हे निरीक्षण निसटले.

अशांपैकी एक इंग्लंडमधील टॉमस वेजवुड. चिनी मातीच्या भांड्यांसाठी प्रसिद्ध असलेल्या घराण्यातला हा तरुण प्रकृतीने अशक्त होता. सिल्व्हर नायट्रेट लावलेल्या कागदावर आणि पांढऱ्या कातड्यावर झाडाची पाने, कीटकांचे पंख ठेवून त्याने त्यांच्या आकृत्या मिळवल्या. त्याचा मित्र हंफ्री डेव्ही याने १८०२ मध्ये या प्रयोगांचा वृत्तान्त प्रसिद्ध केला. त्यात दोन अपयशांची प्रामाणिक कबुली आहे. कॅमेऱ्यातील चित्र फार फिकट असल्याने ते कागदावर उमटले नाही, आणि जी चित्रे उमटली ती टिकवता आली नाहीत. ती अंधारात ठेवावी लागत आणि पाहायची तर मंद प्रकाशात, थोडाच वेळ. दिवसाच्या उजेडात काढली, की सगळा कागद काळा होई. वेजवुड १८०५ मध्ये वारला. डेव्ही हा त्या काळातला अग्रगण्य रसायनशास्त्रज्ञ, पण शेलेच्या अमोनियाचा उपयोग त्यालाही सुचला नाही.

खिडकीतून दिसलेला देखावा

चित्र टिकवण्यात पहिले यश आले ते फ्रान्समधील नीसेफोर न्येप्स याला. १७६५ मध्ये शालों-स्यूर-सोन या गावी जन्मलेला न्येप्स हा जमीनदार घराण्यातला, पण शोधांचे वेड असलेला गृहस्थ. त्याने थोरला भाऊ क्लोद याच्यासह एक इंजिन तयार करून १८०७ मध्ये त्याचे पेटंटही मिळवले होते. पुढे शिलामुद्रणाची नवी कला युरोपात लोकप्रिय झाली, तेव्हा दगडावर हाताने चित्र काढण्याऐवजी ते प्रकाशाकडूनच काढून घेता येईल का, या प्रश्नाने त्याला पछाडले.

१८१६ मध्ये त्याने सिल्व्हर क्लोराइडच्या कागदावर कॅमेऱ्यातून चित्रे मिळवली. ती उलटी होती, म्हणजे उजेडाच्या जागी काळोख आणि काळोखाच्या जागी उजेड, आणि तीही टिकेनात. मग त्याने चांदीचा नाद सोडला. एक प्रकारचे नैसर्गिक डांबर, म्हणजे बिटुमेन, उन्हात कठीण होते आणि मग ते सहजी विरघळत नाही, हे त्याला ठाऊक होते. लॅव्हेंडरच्या तेलात विरघळवलेल्या बिटुमेनचा पातळ थर त्याने पत्र्यावर दिला. प्रकाश लागलेला भाग घट्ट झाला. न लागलेला भाग तेलाने धुऊन निघाला. नकोसे रसायन धुऊन टाकण्याची जी युक्ती चांदीच्या बाबतीत कोणाला सुचली नव्हती, ती इथे पदार्थाच्या गुणधर्मामुळेच साधली.

१८२६-२७ च्या सुमारास न्येप्सने सँ-लू-द-व्हारेन या गावातील आपल्या घराच्या वरच्या खिडकीत कॅमेरा मांडला. आत कथलाच्या मिश्रधातूचा, सुमारे १६ बाय २० सेंटिमीटरचा पत्रा होता. या पत्र्यावर शेजारच्या इमारती, छपरे आणि मागचे क्षितिज उमटले. कॅमेऱ्यातून घेतलेले आणि आजवर टिकून राहिलेले हे सर्वांत जुने छायाचित्र मानले जाते. चित्रात समोरासमोरच्या दोन्ही भिंतींवर ऊन पडलेले दिसते. सूर्य पूर्वेकडून पश्चिमेकडे जाईपर्यंत कॅमेरा उघडाच होता, याची ती खूण आहे. हा काळ आठ तासांचा असावा, असे दीर्घकाळ मानले जाई. नंतरच्या अभ्यासकांच्या मते तो काही दिवसांचाही असू शकेल.

१८२७ मध्ये आजारी भावाला भेटण्यासाठी न्येप्स इंग्लंडला गेला. तिथे त्याने आपला शोध रॉयल सोसायटीपुढे मांडण्याचा प्रयत्न केला. मात्र कृती गुप्त ठेवण्याचा त्याचा हट्ट होता आणि गुप्त कृतीवरचा निबंध स्वीकारणे सोसायटीच्या रीतीत बसत नव्हते. न्येप्स निराश होऊन परतला. जाताना तो पत्रा त्याने आपल्या इंग्लंडमधील हितचिंतकाकडे, वनस्पतींची चित्रे काढणाऱ्या फ्रान्सिस बावर याच्याकडे ठेवला. पुढे हा पत्रा विस्मृतीत गेला आणि १९५२ मध्ये छायाचित्रणाचे इतिहासकार हेल्मुट गर्नशाइम यांनी तो शोधून काढला.

दागेरचा आरसा

लुई दागेर हा मुळात रंगभूमीचे पडदे रंगवणारा कसबी चित्रकार. १८२२ मध्ये त्याने पॅरिसमध्ये 'डायोरामा' सुरू केला. प्रचंड आकाराच्या, अर्धपारदर्शक कापडावरील चित्रांवर पुढून-मागून प्रकाश टाकून दिवसाची रात्र करून दाखवणारा हा खेळ पाहायला लोकांची झुंबड उडत असे. अशा चित्रांसाठी तो कॅमेरा ऑब्स्क्युरा वापरी आणि त्यातील प्रतिमा धरून ठेवता यावी, अशी त्याचीही इच्छा होती. भिंगे विकणाऱ्या दुकानदाराकडून त्याला न्येप्सची माहिती मिळाली. दोघांचे गिऱ्हाइकीचे दुकान एकच होते. बराच काळ परस्परांना जोखल्यावर डिसेंबर १८२९ मध्ये दोघांनी भागीदारीचा करार केला. चार वर्षांतच, जुलै १८३३ मध्ये, न्येप्सचे निधन झाले. करारात त्याच्या जागी मुलगा इझिदोर आला.

दागेरने पुन्हा चांदीचा मार्ग धरला. तांब्याच्या पत्र्यावर चांदीचा थर द्यायचा, तो आरशासारखा घासून चकचकीत करायचा आणि आयोडीनच्या वाफेवर धरायचा. त्यामुळे पृष्ठभागावर सिल्व्हर आयोडाइडचा थर तयार होई. १८३५ च्या सुमारास त्याच्या ध्यानात एक विलक्षण गोष्ट आली. कॅमेऱ्यात थोडाच वेळ ठेवलेल्या पत्र्यावर डोळ्यांना काहीही दिसत नाही; पण तोच पत्रा तापवलेल्या पाऱ्याच्या वाफेवर धरला, की चित्र प्रकट होते. म्हणजे प्रकाशाने आपले काम केलेले असते, फक्त ते दडलेले असते. ही 'सुप्त प्रतिमा' होय. तासन् तासांचे काम काही मिनिटांवर आले ते या शोधामुळे. न दिसणारे चित्र रसायनाने उमटवण्याचे तत्त्व पुढे दीडशेहून अधिक वर्षे, डिजिटल कॅमेरा येईपर्यंत, छायाचित्रणाचा पाया राहिले. राहता राहिला प्रश्न चित्र टिकवण्याचा. तोही १८३७ मध्ये साध्या मिठाच्या तीव्र द्रावणाने बऱ्याच अंशी सुटला.

त्याच वर्षी करार बदलण्यात आला आणि नव्या कृतीला एकट्या दागेरचे नाव द्यायचे ठरले. आर्थिक ओढग्रस्तीत असलेल्या इझिदोरने सही केली. अशा रीतीने 'दागेरोटाइप' हे नाव रूढ झाले आणि न्येप्सचे नाव मागे पडले.

दागेरने १८३८ मध्ये पॅरिसच्या बुलव्हार द्यु ताँप्ल या गजबजलेल्या रस्त्याचे चित्र घेतले. चित्रात रस्ता निर्मनुष्य दिसतो. घोडागाड्या आणि पादचारी इतक्या वेळात पुढे सरकून गेल्याने त्यांची खूणही पत्र्यावर राहिली नाही. फक्त एका कोपऱ्यात एक माणूस दिसतो. तो बूट पॉलिश करून घेण्यासाठी एक पाय वर ठेवून थांबला होता. हे दोघे, बूट पुसून घेणारा आणि पुसणारा, छायाचित्रात सापडलेल्या अगदी पहिल्या माणसांपैकी आहेत. त्यांना त्याची कल्पनाही नव्हती.

७ जानेवारी १८३९ रोजी आरागोने विज्ञान अकादमीत या शोधाची घोषणा केली, पण कृती सांगितली नाही. मार्चमध्ये डायोरामाची इमारत आगीत भस्मसात झाली. आरागोच्या आग्रहाने फ्रेंच सरकारने हा शोध विकत घेतला. दागेरला सालीना सहा हजार आणि इझिदोर न्येप्सला चार हजार फ्रँकचे निवृत्तिवेतन देण्याचे ठरले, आणि १९ ऑगस्टला कृती जाहीर झाली. फ्रान्सने हा शोध जगाला भेट दिला, असे तेव्हा मोठ्या अभिमानाने सांगण्यात आले. या भेटीला एक अपवाद होता. पाचच दिवस आधी, १४ ऑगस्टला, दागेरच्या वतीने इंग्लंडमध्ये पेटंट घेण्यात आले होते. जगभर जे कोणीही करू शकत होते, त्यासाठी इंग्लंडमध्ये परवान्याचे पैसे मोजावे लागत.

कागदावरचे उलटे चित्र

जानेवारीतील घोषणेची बातमी इंग्लंडला पोहोचली, तेव्हा विल्टशर परगण्यातील लेकॉक ॲबे येथे राहणाऱ्या विल्यम हेन्री फॉक्स टॅलबट याला जबर धक्का बसला. हा गणितज्ञ आणि भाषाभ्यासक स्वतःच्या पद्धतीने हेच काम काही वर्षे करीत होता, पण ते प्रसिद्ध करायचे राहून गेले होते.

टॅलबटच्या प्रयत्नांची सुरुवात त्याच्या हातात चित्रकला नसल्यामुळे झाली. १८३३ च्या ऑक्टोबरमध्ये तो पत्नीसह इटलीतील कोमो सरोवराकाठी होता. रेखाटनासाठी मदत करणारे उपकरण वापरूनही त्याचे चित्र जमेना. तेव्हा निसर्गालाच कागदावर आपले चित्र काढायला लावता आले तर, असा विचार त्याच्या मनात आला. घरी परतल्यावर त्याने मीठ आणि सिल्व्हर नायट्रेट लावलेल्या कागदावर प्रयोग सुरू केले. लहान लहान लाकडी पेट्यांचे कॅमेरे करून तो ते घराभोवती मांडून ठेवी. त्याची पत्नी कॉन्स्टन्स त्यांना गमतीने उंदरांचे सापळे म्हणत असे. ऑगस्ट १८३५ मध्ये अशाच एका कॅमेऱ्यातून त्याने घराच्या जाळीदार खिडकीचे इवलेसे चित्र घेतले. भिंगातून पाहिल्यास खिडकीची सुमारे दोनशे तावदाने मोजता येत, अशी नोंद त्याने करून ठेवली. ही आजवर टिकून राहिलेली सर्वांत जुनी निगेटिव्ह होय.

आपले श्रेय हातचे जाऊ नये म्हणून टॅलबटने धावपळ केली. २५ जानेवारी १८३९ रोजी त्याची चित्रे लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये मायकेल फॅरडेने लोकांना दाखवली आणि ३१ जानेवारीला रॉयल सोसायटीपुढे त्याचा निबंध वाचला गेला. क्षणभंगुरतेचे प्रतीक मानली जाणारी सावली आता कायमची धरून ठेवता येते, असा विचार त्याने त्यात मांडला होता. मराठीत या कलेला 'छायाचित्रण' हे नाव पडले. ग्रीक शब्दांवरून घडलेल्या 'फोटोग्राफी'त प्रकाश आहे आणि मराठी शब्दात सावली. टॅलबटला मराठी शब्द अधिक जवळचा वाटला असता.

टॅलबटच्या चित्रांत दागेरोटाइपचा रेखीवपणा नव्हता. कागदाचे धागे चित्रात उतरत आणि कडा पुसट होत. पण एक गोष्ट दागेरच्या चित्रात नव्हती ती यात होती. दागेरोटाइप हे एकच एक चित्र असे. त्याची प्रत निघत नसे. टॅलबटच्या उलट्या चित्रावरून मात्र हव्या तितक्या सुलट्या प्रती काढता येत. सप्टेंबर १८४० मध्ये त्यालाही सुप्त प्रतिमेचा शोध लागला. गॅलिक आम्ल आणि सिल्व्हर नायट्रेट यांच्या मिश्रणाने कागदावरचे न दिसणारे चित्र उमटवता येऊ लागले. या सुधारलेल्या कृतीला त्याने 'कॅलोटाइप' हे नाव दिले. १८४४ ते १८४६ या काळात त्याने छायाचित्रे चिकटवलेले 'द पेन्सिल ऑफ नेचर' हे पुस्तक सहा भागांत प्रसिद्ध केले. एका निगेटिव्हवरून अनेक प्रती हे टॅलबटचे तत्त्वच पुढे विसाव्या शतकाअखेरपर्यंत चालले.

वीस वर्षे पडून राहिलेले उत्तर

चित्र पक्के टिकवण्याच्या प्रश्नाचे उत्तर मात्र दागेरनेही शोधले नाही आणि टॅलबटनेही नाही. ते शोधले खगोलशास्त्रज्ञ सर जॉन हर्शेल याने, आणि तेही वीस वर्षे आधी. १८१९ मध्येच त्याने सोडियम थायोसल्फेट या रसायनात चांदीचे क्षार सहज विरघळतात, असे प्रसिद्ध केले होते. तेव्हा या माहितीचा चित्रांशी काही संबंध असेल, हे कोणाच्या स्वप्नातही आले नव्हते. जानेवारी १८३९ मध्ये दागेरच्या शोधाची केवळ वार्ता ऐकून हर्शेलने स्वतः प्रयोग केले आणि काही दिवसांतच, २९ जानेवारीला, याच रसायनाने चित्र पक्के करून दाखवले. त्याने ही कृती टॅलबटला सांगितली. ती जाहीर झाल्यावर दागेरनेही मिठाऐवजी तिचाच अवलंब केला. छायाचित्रकार या रसायनाला 'हायपो' म्हणत आणि फिल्म धुण्याच्या डार्करूममध्ये ते आजही वापरले जाते.

हर्शेलने यासाठी कोणाकडून काही मागितले नाही. 'फोटोग्राफी' हा शब्द रूढ करण्याचे, तसेच 'निगेटिव्ह' आणि 'पॉझिटिव्ह' हे शब्द वापरात आणण्याचे श्रेयही त्याच्याकडे जाते. 'फोटोग्राफी' या अर्थाचा फ्रेंच शब्द ब्राझीलमध्ये राहणाऱ्या एर्क्यूल फ्लोराँस या फ्रेंच गृहस्थाने त्याही आधी, १८३४ च्या सुमारास, आपल्या टिपणवहीत लिहिला होता. तोही कागदावर प्रकाशाने चित्रे काढीत होता. पण युरोपपासून इतक्या दूर चाललेल्या कामाची कोणी दखल घेतली नाही.

बुडालेल्या माणसाचे चित्र

श्रेयापासून वंचित राहिलेल्यांमध्ये सर्वांत हृद्य कहाणी आहे ती ईपोलित बायार याची. फ्रान्सच्या अर्थखात्यातील या कारकुनाने कॅमेऱ्यातच थेट सुलटे चित्र कागदावर मिळवण्याची स्वतंत्र कृती शोधली होती. २४ जून १८३९ रोजी त्याने पॅरिसमध्ये आपली तीस चित्रे प्रदर्शनात मांडली. दागेरची कृती तेव्हा जाहीरही झाली नव्हती. परंतु आरागोने आपले वजन दागेरच्या पारड्यात टाकलेले होते. बायारला गप्प राहण्याचा सल्ला मिळाला आणि उपकरणे घेण्यासाठी सहाशे फ्रँक देऊन त्याची बोळवण झाली.

बायारने त्याचे उत्तर छायाचित्रानेच दिले. ऑक्टोबर १८४० मध्ये त्याने स्वतःचे एक चित्र घेतले. त्यात तो उघड्या अंगाने, डोळे मिटून, मृतदेहासारखा भिंतीला टेकलेला दिसतो. चित्राच्या मागे त्याने लिहिले, की सरकारने दागेरला भरभरून दिले आणि बायारसाठी काही करता येत नाही असे सांगितले, तेव्हा या अभाग्याने पाण्यात उडी घेतली. कॅमेरा खोटे बोलत नाही, असे ज्या काळात मानले जात होते, त्या काळात कॅमेऱ्याच्या साहाय्याने रचलेले हे पहिलेच प्रसिद्ध खोटे. बायार त्यानंतर कित्येक वर्षे जगला आणि छायाचित्रे काढीत राहिला.

पेटंट आणि मोकळीक

टॅलबटने फेब्रुवारी १८४१ मध्ये इंग्लंडमध्ये कॅलोटाइपचे पेटंट घेतले. आपल्या खर्चाची भरपाई व्हावी, अशी त्याची अपेक्षा गैर नव्हती. परंतु परिणाम व्हायचा तो झाला. इंग्लंडमध्ये एकीकडे दागेरचे आणि दुसरीकडे टॅलबटचे पेटंट, अशा कात्रीत ही कला सापडली. टॅलबटचे पेटंट स्कॉटलंडला लागू नव्हते. तिथे एडिंबरोमध्ये डेव्हिड ऑक्टेव्हियस हिल हा चित्रकार आणि रॉबर्ट ॲडमसन हा तरुण तंत्रज्ञ यांनी १८४३ पासून कॅलोटाइपच्या तंत्राने कोळी स्त्रिया, धर्मगुरू, पंडित यांची व्यक्तिचित्रे घेतली. ती आजही छायाचित्रकलेचा उत्कृष्ट नमुना मानली जातात.

ही कोंडी फोडली ती फ्रेडरिक स्कॉट आर्चर या लंडनच्या शिल्पकाराने. मार्च १८५१ मध्ये त्याने आपली 'वेट कोलोडियन' कृती एका नियतकालिकात छापून टाकली. स्फोटक कापूस ईथर व अल्कोहोलमध्ये विरघळवला, की चिकट द्रव तयार होतो. त्याचा थर काचेवर देऊन तो चांदीच्या क्षाराने संवेदनशील करायचा आणि ओला असतानाच चित्र घ्यायचे. काच पारदर्शक असल्याने दागेरोटाइपचा रेखीवपणा मिळाला, आणि ती निगेटिव्ह असल्याने टॅलबटप्रमाणे हव्या तितक्या प्रती निघू लागल्या. वेळही सेकंदांवर आला. आर्चरने पेटंट घेतले नाही.

टॅलबटने मात्र ही कृती आपल्याच पेटंटच्या कक्षेत येते असा दावा केला. लारोश या व्यावसायिक छायाचित्रकाराविरुद्धचा त्याचा खटला डिसेंबर १८५४ मध्ये लंडनला चालला. ज्युरीने कॅलोटाइपचा जनक टॅलबटच असल्याचे मान्य केले. पण कोलोडियनने त्याच्या हक्काचा भंग होत नाही, असा निवाडा दिला. त्या दिवसापासून इंग्लंडमध्ये छायाचित्रण खऱ्या अर्थाने मोकळे झाले. गल्लोगल्ली स्टुडिओ निघाले आणि पूर्वी धनिकांनाच परवडणारे व्यक्तिचित्र सामान्यांच्या घरात पोहोचले. आर्चर मात्र मे १८५७ मध्ये विपन्नावस्थेत मरण पावला. त्याच्या कुटुंबासाठी छायाचित्रकारांनी वर्गणी गोळा केली. ज्या कृतीवर त्यांचे व्यवसाय उभे होते, तिची ही उशिरा झालेली परतफेड होती.

मुंबईत

भारतात ही विद्या आली ती शोधानंतर अल्पावधीतच. लंडनमध्ये १८५३ साली छायाचित्रकारांची संस्था स्थापन झाली आणि १८५४ मध्ये मुंबईत 'फोटोग्राफिक सोसायटी ऑफ बॉम्बे' उभी राहिली. कलकत्ता आणि मद्रास येथील संस्था त्यानंतरच्या. मुंबईच्या संस्थेत इंग्रज अधिकाऱ्यांच्या जोडीने डॉ. भाऊ दाजी लाड यांच्यासारखे एतद्देशीय विद्वानही होते. त्यांचे बंधू डॉ. नारायण दाजी यांनी स्वतः छायाचित्रे घेतली. १८५५ मध्ये एल्फिन्स्टन इन्स्टिट्यूशनमध्ये छायाचित्रणाचा वर्ग सुरू झाला. तेथे शिकलेल्या हरिश्चंद्र चिंतामण यांनी मुंबईत स्वतःचा स्टुडिओ थाटला. व्यावसायिक छायाचित्रण करणाऱ्या पहिल्या भारतीयांमध्ये त्यांची गणना होते.

प्राचीन वास्तूंची नोंद चित्रकारांऐवजी कॅमेऱ्याने करावी, असे ईस्ट इंडिया कंपनीने याच सुमारास ठरवले. त्यानुसार मुंबई इलाख्यात १८५५ मध्ये कॅप्टन टॉमस बिग्ज या तोफखान्यातील अधिकाऱ्याची नेमणूक झाली. त्याने विजापूर, बदामी, ऐहोळे येथील वास्तूंची चित्रे कागदी निगेटिव्हवर घेतली. उन्हाळ्यात ईथर भराभर उडून जाणाऱ्या या प्रदेशात ओल्या काचेपेक्षा आधी तयार करून ठेवता येणारा कागद अधिक सोयीचा होता. पॅरिस आणि लंडनमधील वाद इथे येईपर्यंत मागे पडले होते आणि जी कृती हवामानाला मानवेल ती लोक वापरीत होते.

टिकवण्याची धडपड

पुढचा प्रवास वेगाने झाला. १८७१ मध्ये रिचर्ड लीच मॅडॉक्स या इंग्रज डॉक्टरने जिलेटिनचा कोरडा थर वापरण्याची कल्पना मांडली आणि तीही पेटंटविना प्रसिद्ध केली. तिच्यात पुढे झालेल्या सुधारणांमुळे छायाचित्रकाराच्या पाठीवरचा रसायनांचा आणि तंबूचा बोजा उतरला. १८८८ मध्ये जॉर्ज ईस्टमनने शंभर चित्रांचे रीळ भरलेला 'कोडॅक' कॅमेरा पंचवीस डॉलरला बाजारात आणला आणि ज्याला रसायनशास्त्राचा गंध नाही, अशा माणसाच्या हातीही कॅमेरा गेला.

न्येप्सचा तो पत्रा आज अमेरिकेत, ऑस्टिन येथील टेक्सास विद्यापीठाच्या हॅरी रॅन्सम सेंटरमध्ये आहे. प्राणवायू काढून घेतलेल्या हवाबंद पेटीत तो ठेवला आहे. समोरून पाहिल्यास तो एखाद्या मळकट आरशासारखा दिसतो. विशिष्ट कोनातून पाहिले, तरच त्यात छपरे, भिंती आणि क्षितिज हळूहळू दिसू लागते. रॉयल सोसायटीच्या दारातून परत आलेला आणि दीर्घकाळ विस्मृतीत गेलेला हा पत्रा इतकी वर्षे टिकला, कारण त्यावरचे चित्र पक्के झालेले होते. वेजवुडची चित्रे त्याच्या हयातीतच काळोखात गेली. न्येप्सच्या खिडकीबाहेरचे ऊन मात्र अजून दोन्ही भिंतींवर आहे.